मुक्या अक्षरांची कहाणी

गेल्या दिवाळीतली गोष्ट. पाडव्याची सकाळ होती, फराळाची ताटे मांडली होती, घर पाहुण्यांनी भरले होते आणि आमचे अण्णा रोजच्या शिरस्त्याप्रमाणे इंग्रजी वर्तमानपत्रातला अग्रलेख मोठ्याने वाचीत होते. ऐकायला कोणी असो वा नसो, अग्रलेख मोठ्याने वाचायचा, ही त्यांची फार जुनी सवय. वाचता वाचता एक शब्द आला आणि अण्णा ठसक्यात म्हणाले, ‘‘हायपरबोल!’’

माझी मुलगी इंग्रजी शाळेत जाते. हातातली चकली तशीच धरून ती म्हणाली, ‘‘आजोबा, हायपरबोल नाही हो, हायपर्बली!’’

मुलेच ती. सगळी खो खो हसली. मोठ्यांपैकीही एकदोघांनी लाडवाआड हसू लपवले. अण्णा रागावले नाहीत. त्यांनी चष्मा काढून पुसला, उरलेला अग्रलेख मनातल्या मनात संपवला आणि घडी घालून वर्तमानपत्र बाजूला ठेवले. दुसऱ्या दिवशी त्यांनी मोठ्याने वाचले नाही. तिसऱ्या दिवशीही नाही. मी विचारले तेव्हा म्हणाले, ‘‘घसा जरा बसलाय.’’ घसा चांगला ठणठणीत होता, हे घरात सर्वांना ठाऊक होते.

अण्णा तालुक्याच्या गावी मराठी शाळेत शिकले. इंग्रजीची ओळख आठवीत झाली. शिकवणारे मास्तरही इंग्रजी पुस्तकांतूनच शिकलेले. इंग्रज माणूस त्यांनी जन्मात पाहिला नव्हता. पुढची सगळी कमाई अण्णांनी तर्खडकरांची भाषांतर पाठमाला, वीरकरांचा कोश आणि वाचनालयाची पुस्तके यांवर केली. त्या शब्दाचा अर्थ अतिशयोक्ती, हे त्यांना पन्नास-साठ वर्षांपासून माहीत आहे. तो कुठे वापरावा, कुठे वापरू नये, हेही माहीत आहे. शब्दाशी त्यांची ओळख होती ती पत्रव्यवहाराची. प्रत्यक्ष गाठ कधी पडलीच नव्हती, म्हणून हाक मारताना नाव चुकले, इतकेच!

वाचकांपैकी पुष्कळांच्या घरी असे अण्णा असतील. कित्येक वाचक स्वतःच असे अण्णा असतील. तेव्हा या दिवाळीत इंग्रजी शब्दांच्या उच्चारांची थोडी उलटतपासणी करू. चूक नेमकी कोणाची, वाचणाऱ्याची की लिहिणाऱ्याची, हे एकदा पाहूच.

कानाने आलेले, डोळ्यांनी आलेले

‘कर्नल’ हा शब्द घ्या. आपल्याकडे पलटणीतला शिपाई, ज्याला इंग्रजी अक्षरही येत नव्हते, तोसुद्धा ‘कर्नल’ अचूक म्हणे. आता त्याचे स्पेलिंग पाहा: सी-ओ-एल-ओ-एन-ई-एल. यात ‘आर’ कुठे आहे? स्पेलिंग पाहून वाचणारा ‘कोलोनेल’ म्हणेल आणि हसे करून घेईल. शिपायाने शब्द कानाने घेतला, म्हणून तो बिनचूक निघाला. पदवीधराने डोळ्यांनी घेतला, म्हणून तो फसला.

या ‘आर’ची हकीकत अशी. मूळ शब्द इटालियन, ‘कोलोनेल्लो’. ‘कोलोन्ना’ म्हणजे खांब किंवा खांबासारखी सरळ उभी फौजेची तुकडी; तिचा नायक तो कोलोनेल्लो. फ्रेंचांच्या जिभेला दोन ‘ल’ जवळजवळ नको झाले. लखनौचे नखलौ करणारी माणसे आपल्याकडेही आहेत. त्यांनी त्याचे ‘कोरोनेल’ केले. इंग्रजांनी सोळाव्या शतकात हाच ‘र’ असलेला शब्द उचलला. पुढे इटालियन पुस्तके वाचणाऱ्यांनी स्पेलिंग मुळाबरहुकूम ‘एल’चे केले; पण तोंडात बसलेला ‘र’ काही हलला नाही. लिहिण्यात इटली आणि बोलण्यात फ्रान्स, असा हा दुहेरी संसार आजतागायत चालू आहे.

तुरुंगाला ‘जेल’ म्हणणाऱ्या खेडुताला, त्याचे जुने विलायती स्पेलिंग जी-ए-ओ-एल आहे, हे कळले असते तर तो बिचारा अडखळला असता. बंदरावरच्या धक्क्याला इंग्रजीत ‘की’ म्हणतात. कुलपाच्या किल्लीचा आणि याचा उच्चार एकच. पण स्पेलिंग क्यू-यू-ए-वाय. जहाजावर खलाशांचा जो मुकादम असतो तो लिहिताना ‘बोटस्वेन’ आणि बोलताना ‘बोसन’. होडीची वरची कड लिहिताना ‘गनवेल’, बोलताना ‘गनल’. खलाशांनी हे शब्द वाऱ्यापावसात ओरडून ओरडून झिजवले. कागदावर मात्र ते नवेकोरे राहिले.

पंडितांचा उपद्व्याप

झिजलेल्या शब्दांचे एक वेळ समजू शकते. पण इंग्रजीत काही मुकी अक्षरे अशी आहेत, की ती कधी उच्चारलीच जात नव्हती. ती मागाहून घुसडली, आणि घुसडली ती चांगल्या शिकल्यासवरल्या मंडळींनी.

कर्ज या अर्थाचा ‘डेट’ हा शब्द फ्रेंचांकडून आला तेव्हा त्यात ‘बी’ नव्हता. पंधराव्या-सोळाव्या शतकांत लॅटिनचा अभिमान वाढला. मूळ लॅटिन शब्द ‘डेबितुम’, तेव्हा त्याची खूण राहिली पाहिजे, म्हणून मध्ये ‘बी’ बसवला. शंका या अर्थाच्या ‘डाउट’मध्येही तसाच बसवला. पावती या अर्थाच्या ‘रिसीट’मध्ये ‘पी’ घातला. पण फसवणूक या अर्थाचा त्याचा सख्खा भाऊ ‘डिसीट’, त्यात मात्र घालायचे राहून गेले! शिधासामग्रीला म्हणतात ‘व्हिटल्स’. त्याच्या स्पेलिंगात ‘सी’ आणि ‘यू’ नुसते बसून आहेत. कोर्टात आरोप ठेवणे या अर्थाचा शब्द ‘इन्डाइट’, आणि लिहिताना त्यात ‘सी’. आपण हमखास ‘इन्डिक्ट’ म्हणतो.

शेक्सपिअरला ही गंमत तेव्हाच दिसली होती. १५९८ साली छापलेल्या ‘लव्ह्ज लेबर्स लॉस्ट’ या नाटकात होलोफर्नीज नावाचा एक शाळामास्तर आहे. लोक या शब्दांतला ‘बी’ उच्चारीत नाहीत, म्हणून तो चिडतो. पाहणारे अर्थातच हसतात, ते मास्तरला. म्हणजे स्पेलिंगाबरहुकूम बोलणाऱ्याला हसण्याची ही रीत चारशे वर्षांहून जुनी आहे.

कधी कधी तर पंडितांचा हिशेबच चुकला. बेट या अर्थाचा ‘आयलंड’ हा अस्सल जुना इंग्रजी शब्द. त्यात ‘एस’ कधीच नव्हता. पण लॅटिनमधून आलेला ‘आइल’ हा त्याच अर्थाचा दुसरा शब्द होता, त्यात ‘एस’ होता. दोघे नातेवाईक असावेत अशी समजूत करून घेऊन याच्याही गळ्यात ‘एस’ अडकवला. स्कॉटलंडच्या डोंगरांत ‘टार्मिगन’ नावाचा एक पक्षी असतो; हिवाळ्यात त्याची पिसे बर्फासारखी पांढरी होतात. त्याचे नाव तिथल्या गेलिक भाषेतले. पण कोणा विद्वानाला वाटले, की हे ग्रीक ‘प्टेरॉन’ म्हणजे पंख या शब्दावरून आले असणार. झाले, आरंभी एक ‘पी’ चिकटला. हा ‘प्टेरॉन’ हेलिकॉप्टरच्या शेपटीत खराखुरा आहे आणि पंख या अर्थाचा आपला संस्कृत ‘पत्र’ त्याचाच गोत्रज आहे. बिचाऱ्या टार्मिगनचा मात्र या कुळाशी काडीचाही संबंध नाही!

खिळ्यांनी खिळवून ठेवले

सगळाच दोष पंडितांवर टाकणे बरोबर नाही. विल्यम कॅक्स्टनने १४७६ साली वेस्टमिन्स्टरला छापखाना घातला आणि शब्द शिशाच्या खिळ्यांत अडकू लागले. नेमक्या त्याच काळात, म्हणजे साधारण १४०० ते १७०० या तीन शतकांत, इंग्रजांचे स्वरांचे उच्चार पार बदलत होते. बोलणे पुढे निघून गेले आणि छापलेले स्पेलिंग जुन्या मुक्कामावरच राहिले.

जाणणे या अर्थाच्या ‘नो’ शब्दात आरंभी ‘के’ असतो. तो एके काळी खरोखर उच्चारला जाई. गुडघा या अर्थाच्या ‘नी’ शब्दातलाही ‘के’ तसाच. जर्मन लोक त्यांच्या गुडघ्याला आजही ‘क्नी’ म्हणतात. आणि हे ‘के’ आहेत कोण? पहिला आपल्या ‘ज्ञा’ धातूतल्या ‘ज’चा भाऊबंद आणि दुसरा ‘जानु’तल्या ‘ज’चा! इंग्रजी आणि संस्कृत या एकाच मूळ भाषेच्या दूरच्या लेकी. ते नाते या मुक्या अक्षराने जपून ठेवले आहे. घरात एखादी जख्ख म्हातारी आत्याबाई असावी, बोलू नये, काम करू नये, पण कोण कोणाचे कोण लागते ते तिलाच पाहून कळावे, तसे हे अक्षर आहे.

आपल्या घरचे टिंब

‘‘आमची मराठी बरी बाई! जसे लिहावे तसे वाचावे,’’ असे आपण अभिमानाने म्हणतो. हे बरेचसे खरे आहे, पण सगळे नव्हे. ‘जरा थांब’ यातला ‘जरा’ आणि म्हातारपण या अर्थाचा ‘जरा’ लिहायला एक, उच्चारायला दोन. वर ज्याचे नाव काढले तो ‘ज्ञ’ म्हणजे ‘ज’ आणि ‘ञ’. पण मराठी माणूस म्हणतो ‘द्न्य’ आणि हिंदी माणूस म्हणतो ‘ग्य’. मूळ उच्चार दोघांनीही सोडलेला!

आणि मुकी अक्षरे म्हणाल, तर तीही आपल्याकडे होती. जुन्या पुस्तकांत ‘नांव’, ‘गांव’, ‘दांत’, ‘पांच’ असे टिंब देऊन लिहिलेले दिसते. ते टिंब बोलण्यात ऐकू येत नव्हते. पण ‘नाम’, ‘ग्राम’, ‘दन्त’, ‘पञ्च’ या पूर्वजांची ती खूण होती. मराठी साहित्य महामंडळाच्या १९६२ च्या लेखनविषयक नियमांनी अशी न उच्चारली जाणारी टिंबे काढून टाकली. मुलांचे शुद्धलेखन सोपे झाले, यात शंका नाही. इंग्रजांनी आपली टिंबे पुसली नाहीत. म्हणून त्यांच्या मुलांचे हाल होतात आणि शब्दांची वंशावळ शाबूत राहते. दोन्हींची आपापली किंमत आहे आणि ती कोणाला तरी मोजावी लागतेच.

साहेबाचीही त्रेधा

अण्णांना ऐकवण्यासाठी मी जे जे गोळा केले, त्यात सर्वांत दिलासा देणारी गोष्ट ही, की खुद्द साहेबही याच खड्ड्यात पडतो. दिशाभूल झालेला या अर्थाचा ‘मिस्लेड’ हा शब्द वाचून इंग्रजांची पोरे वर्षानुवर्षे ‘मायझल्ड’ असा समजत राहतात आणि मोठेपणी कधी तरी ओशाळतात. आडनावांची तर तऱ्हाच न्यारी. लिहायचे ‘चोल्मोन्डेली’ आणि म्हणायचे ‘चम्ली’. लिहायचे ‘फेदरस्टोनहॉ’ आणि म्हणायचे ‘फॅन्शॉ’!

डॉक्टर जॉन्सनने १७५५ साली आपला प्रचंड कोश प्रसिद्ध केला. व्याख्या अशा चपखल की आजही वाचाव्यात. पण उच्चारांच्या बाबतीत आघात कुठे द्यायचा एवढेच त्याने दाखवले. उच्चार नीट सांगणारा जॉन वॉकरचा गाजलेला कोश १७९१ साली आला आणि डॅनिएल जोन्सचा १९१७ साली. तरीही वाद मिटले नाहीत. अखेर १९२६ साली बी.बी.सी.ने निवेदकांनी कोणता शब्द कसा उच्चारावा हे ठरवण्यासाठी चक्क एक सल्लागार समिती नेमली. राजकवी रॉबर्ट ब्रिजेस तिचे पहिले अध्यक्ष; त्यांच्यानंतर बर्नार्ड शॉ. स्वतःच्याच भाषेचे उच्चार ठरवायला इंग्रजांना समिती लागली आणि तिचा अध्यक्ष झाला एक आयरिश माणूस!

शॉने उच्चारांवर मनुष्याची प्रतिष्ठा कशी तोलली जाते, हे १९१३ च्या ‘पिग्मॅलियन’ नाटकात दाखवलेच होते. पु. ल. देशपांडे यांनी १९७५ साली त्याची ‘ती फुलराणी’ केली, तेव्हा ते दुखणे आपलेही आहे हे आपल्याला पटले. शॉच्या नावावर आणखी एक कोडे खपवतात: जी-एच-ओ-टी-आय असे लिहिले तर उच्चार काय? उत्तर, ‘फिश’! ‘लाफ’मधला ‘जी-एच’ म्हणजे फ, ‘विमेन’मधला ‘ओ’ म्हणजे इ, आणि ‘नेशन’मधला ‘टी-आय’ म्हणजे श. कोडे झकास आहे, पण ते शॉचे नव्हे. त्याच्या जन्माआधी, १८५५ सालच्या एका पत्रात ते सापडते.

फराळाच्या ताटातले काही शब्द

दिवाळी आहे, तेव्हा थोडे चमचमीत शब्दही वाढतो. मुलांना विचारून पाहा.

‘निमॉनिक’: स्पेलिंगच्या आरंभी एक मुका ‘एम’. अर्थ, लक्षात ठेवण्याची युक्ती. इंद्रधनुष्याच्या रंगांसाठी आपण शाळेत ‘तानापिहिनिपाजा’ घोकले, ते अस्सल मराठी निमॉनिक.

‘डीफेनेस्ट्रेशन’: एखाद्याला खिडकीतून बाहेर फेकणे. लॅटिनमध्ये ‘फेनेस्ट्रा’ म्हणजे खिडकी. २३ मे १६१८ रोजी प्राग शहरात चिडलेल्या सरदारांनी बादशहाच्या दोन कारभाऱ्यांना आणि त्यांच्या चिटणिसाला किल्ल्याच्या खिडकीतून खाली टाकले. तिघेही वाचले, पण त्यातून जे युद्ध पेटले ते तीस वर्षे विझले नाही.

‘फ्लॉक्सिनॉसिनिहिलिपिलिफिकेशन’: दम लागला ना? अक्षरे एकोणतीस. एखादी गोष्ट कवडीमोल ठरवणे, एवढाच अर्थ. क्षुल्लक या अर्थाचे चार लॅटिन शब्द ओळीने जोडून हा आगगाडीचा डबा तयार केला आहे. १७४१ सालच्या एका पत्रात तो आढळतो. आपण ‘कस्पटासमान’ म्हणून मोकळे होतो.

‘सेरन्डिपिटी’: शोधायला जावे एक आणि हाती लागावे दुसरेच, पण अधिक मोलाचे, असा योग. होरेस वॉलपोलने १७५४ साली हा शब्द घडवला तो सेरन्डिपच्या तीन राजपुत्रांच्या फारसी कथेवरून. सेरन्डिप म्हणजे श्रीलंका, आणि त्या नावाचे मूळ आपले ‘सिंहलद्वीप’.

आणि ‘मॉंगूस’. ओळखलेत? आपले मुंगूस! मराठीतून निघाले आणि विलायतेला पोचेपर्यंत त्याच्या शेपटीला ‘गूस’, म्हणजे हंसासारखा पक्षी, चिकटला. आपला शब्द तिकडे गेला तेव्हा साहेबाचा उच्चार चुकला. त्याला कोणी हसले नाही. तोच उच्चार कोशात छापला गेला.

चुकीचे बरोबर होते तेव्हा

शेवटचा शब्द मुद्दाम राखून ठेवला आहे. ‘फॉल्ट’, म्हणजे चूक. हा शब्द फ्रेंचांकडून आला तेव्हा त्यात ‘एल’ नव्हता. पंडितांनी लॅटिनच्या मोहाने तो घातला. पुष्कळ दिवस तो मुकाच होता; जॉन्सनच्या काळीसुद्धा बोलताना लोक तो गाळीत. पण पुस्तके वाचणारे वाढले, डोळ्यांना दिसते ते अक्षर जिभेवर आले आणि आज ‘ल’ न उच्चारणाराच चुकीचा ठरतो. चूक या अर्थाचा शब्दच वाचणाऱ्यांच्या चुकीने असा बरोबर झाला आहे! कपाळाला इंग्रज पूर्वी ‘फॉरिड’ म्हणत. आता स्पेलिंग पाहून ‘फोरहेड’ म्हणणारेच जास्त.

याचा अर्थ वाटेल तसे उच्चार करावेत असा मुळीच नाही. चार लोकांत जो उच्चार मान्य आहे तो माहीत करून घ्यावा. आता तर मोबाइलवर शब्दाला बोट लावले की तो ऐकूही येतो. ग्रीकमधून आलेल्या शब्दाच्या शेवटी ‘ई’ दिसला तर तो बहुधा बोलका असतो, एवढे ध्यानात ठेवले तरी ‘हायपर्बली’, ‘इपिटमी’, ‘कॅटॅस्ट्रफी’ हे सगळे एका दोरीत ओवले जातात. पण उच्चार चुकला म्हणून कोणाला हसण्यापूर्वी एवढे आठवावे, की ऐकून शिकण्याची सोय ज्याला नव्हती, त्याने तो शब्द एकट्याने, कंदिलाशी बसून, कोश चाळून मिळवलेला असतो.

हे सारे मी मुलीला सांगितले. ती काही बोलली नाही. दोन दिवसांनी पाहतो, तर ती अण्णांची जुनी वही घेऊन त्यांच्या शेजारी बसली होती. वहीवर शाईच्या सुबक अक्षरांत लिहिले होते, ‘नांव’.

‘‘आजोबा, हे टिंब कशाला दिलंय तुम्ही? आमच्या बाई याला चूक म्हणतील.’’

अण्णांनी चष्मा सावरला. नाम, नांव, नाव. दन्त, दांत, दात. असे एकेक करीत त्यांनी तिला टिंबाची सगळी कुळकथा सांगितली. मग जरा थांबून बाजूचे वर्तमानपत्र ओढले, एका शब्दावर बोट ठेवले आणि म्हणाले, ‘‘आता हा कसा म्हणायचा ते तू सांग बघू.’’

तिने सांगितला. अण्णांनी तो दोनदा घोकला आणि अग्रलेख पहिल्या ओळीपासून मोठ्याने वाचायला सुरुवात केली.